आचार्य प्रल्हाद केशव अत्रे : शाळामास्तर आणि चित्रपट-दिग्दर्शक

चित्रपटाचे नाव शाळेत निघाले की वडीलधाऱ्यांच्या कपाळी आठी पडावयाची, असा आपल्याकडील जुना रिवाज आहे. अभ्यास बुडतो, डोळे बिघडतात, पैसा पाण्यात जातो, या तक्रारी आम्ही लहानपणापासून ऐकत आलो आहो. आणि त्या सर्वस्वी खोट्या आहेत असे आमचे म्हणणे नाही. तथापि या अरण्यप्रदेशातील पालकांस एका गोष्टीचे स्मरण करून द्यावेसे वाटते. भामरागडच्या वाटेवरील हेमलकसा हे लहानसे ठिकाण, जेथे १९७३ साली बाबा आमटे यांनी लोकबिरादरी प्रकल्पाचा पाया घातला, ते दूरदूरच्या अनेक घरांत डोळ्यांनी पाहिले गेले ते डॉ. प्रकाश आमटे यांच्या जीवनावर २०१४ साली निघालेल्या चित्रपटामुळेच. ज्यांनी हे अरण्य कधी पाहिले नव्हते, त्यांस ते पडद्यावर दिसले. थोर माणसांची चरित्रे पडद्यावर आणण्याची ही रीत मराठीत बरीच जुनी आहे, आणि ती ज्यांनी रुजविली त्यांत एक गृहस्थ असे होते की, ज्यांच्या आयुष्याची उमेदीची वर्षे हातात खडू घेऊन फळ्यापुढे उभे राहण्यात गेली. ते गृहस्थ म्हणजे आचार्य प्रल्हाद केशव अत्रे. त्यांच्या बहुविध उद्योगांपैकी चित्रपटाच्या उद्योगाविषयीच आम्ही येथे विशेषेकरून लिहिणार आहो. कारण नाटककार, वक्ते आणि पत्रकार अत्रे सर्वांच्या परिचयाचे आहेत, दिग्दर्शक अत्रे मात्र तितकेसे नाहीत.

अत्र्यांचा जन्म १३ ऑगस्ट १८९८ रोजी पुणे जिल्ह्यातील सासवडजवळच्या कोडीत या खेड्यात झाला. सासवडवरून वाहणाऱ्या कऱ्हा नदीवर त्यांची इतकी भक्ती की, पुढे आपल्या अनेक खंडांच्या आत्मचरित्रास त्यांनी तिचेच नाव दिले. शिक्षण सासवडास व पुण्यास झाले. फर्ग्युसन कॉलेजातून ते पदवीधर झाले आणि शिक्षकाच्या पेशात शिरले. राम गणेश गडकरी यांस ते गुरुस्थानी मानीत. गडकरी १९१९ च्या जानेवारीत आपल्या विदर्भातच, नागपूरजवळच्या सावनेर येथे निवर्तले, ही गोष्ट येथील विद्यार्थ्यांनी ध्यानात ठेवण्यासारखी आहे. गुरूची विनोदबुद्धी मात्र शिष्याकडे वारसाहक्काने आली. १९२५ साली केशवकुमार या टोपणनावाने त्यांनी 'झेंडूची फुले' हा विडंबनकाव्यांचा संग्रह काढला आणि त्या काळच्या नाजूक, उसासे टाकणाऱ्या कवितेची यथेच्छ फिरकी घेतली.

पुण्याच्या लष्कर भागात कॅम्प एज्युकेशन सोसायटीची एक शाळा होती. या शाळेचे मुख्याध्यापकपद तरुण अत्र्यांनी स्वीकारले. ज्यांच्या घरी अभ्यासाची परंपरा नव्हती अशी, निरनिराळ्या जातीधर्मांची मुले तेथे येत. ती शाळा नावारूपास आणण्यासाठी ते राबले. मध्यंतरी लंडनला जाऊन त्यांनी अध्यापनशास्त्राची पदविका मिळविली आणि १९२८ मध्ये ते परतले. पाठ्यपुस्तके रुक्ष का असावीत, हा प्रश्न त्यांस सतत छळीत असे. 'अरुण वाचन' आणि 'नवयुग वाचनमाला' या पुस्तकांतून त्यांनी त्याचे उत्तर दिले. मुलाला कोणती गोष्ट कळते, कोणत्या ठिकाणी त्याचे लक्ष उडते आणि कशाने त्याचे डोळे भरून येतात, हे वर्गात उभे राहून ज्याने वर्षानुवर्षे पाहिले आहे त्यालाच अशी पुस्तके साधतात. पुढे त्यांच्या हातून जो अविस्मरणीय बोलपट झाला त्याचे मूळ येथे आहे, असे आमचे मत आहे.

परंतु तो बोलपट होण्यास अद्याप बराच अवकाश होता. मधल्या काळात महाराष्ट्राला ठाऊक झाले ते हसविणारे अत्रे. १९३३ साली बालमोहन नाटक मंडळीने त्यांचे 'साष्टांग नमस्कार' हे नाटक रंगभूमीवर आणले, आणि बोलपटाच्या आगमनाने ओस पडू लागलेल्या नाटकगृहांत पुन्हा हशा पिकू लागला. 'घराबाहेर', 'भ्रमाचा भोपळा', 'उद्याचा संसार', 'लग्नाची बेडी' ही नाटके पुढील तीनचार वर्षांत एकामागून एक आली. एवढी हुकमी लेखणी चित्रपटवाल्यांच्या दृष्टीतून सुटणे शक्यच नव्हते.

कोल्हापुरास १९३६ साली मास्टर विनायक, बाबूराव पेंढारकर आणि छायालेखक पांडुरंग नाईक यांनी हंस पिक्चर्स ही संस्था काढली होती. तिच्यासाठी अत्र्यांनी कथा व संवाद लिहावयाचे, विनायकांनी दिग्दर्शन करावयाचे, अशी जोडी जमली. 'धर्मवीर' (१९३७), 'ब्रह्मचारी' (१९३८), 'ब्रँडीची बाटली' (१९३९) हे पट त्या जोडीचे. 'धर्मवीर' मध्ये समाजात धर्मात्मा म्हणून मिरविणाऱ्या दांभिकाचा बुरखा फाडला आहे. त्याची कल्पना नॉर्वेचा नाटककार इब्सेन याच्या एका नाटकावरून सुचलेली. 'ब्रह्मचारी' मध्ये व्याख्यानाच्या भरात ब्रह्मचर्याची शपथ घेणाऱ्या एका भोळ्या तरुणाची फजिती आहे. 'ब्रँडीची बाटली' ची गंमत तर अशी की, दारूबंदीच्या दिवसांत औषधासाठी ब्रँडीची एक बाटली मिळवावयास निघालेला साधाभोळा कारकून शहरभर भटकतो, आणि त्या भटकंतीत साऱ्या समाजाचे सोंग उघडे पडते. दामुअण्णा मालवणकरांची मुद्रा या पटांतून जी लोकांच्या ध्यानात बसली ती कायमची.

या काळातील लेखनाकडे पाहता एक गोष्ट जाणवते. अत्र्यांची पात्रे फार बोलतात. संवाद खमंग असतात, टाळी हमखास पडते. पण डोळ्यांनी पाहावयाचे थोडे आणि कानांनी ऐकावयाचे पुष्कळ. नाटकाची सवय लागलेल्या लेखकाचे हे व्हावयाचेच. तरीही ढोंगाचा तिटकारा आणि दुबळ्याची कणव ही दोन सूत्रे या हास्याच्या पाठीशी आहेत, हे विसरता कामा नये.

१९४० च्या सुमारास कोल्हापूरची जोडी फुटली. अत्र्यांचा स्वभाव कोणाच्या हाताखाली फार दिवस राहणारा नव्हता. त्यांनी स्वतःची अत्रे पिक्चर्स ही संस्था काढली. सुनेच्या छळाची कथा सांगणारा 'पायाची दासी' (१९४१) आणि संस्कृत 'मृच्छकटिका'वर आधारलेला 'वसंतसेना' (१९४२) हे तिचे आरंभीचे पट. दोहोंचे दिग्दर्शन केले ते गजानन जागीरदार यांनी. हे जागीरदार अमरावतीचे, म्हणजे आपल्या वऱ्हाडचे. 'पायाची दासी' मधील वनमाला या नटीचे नाव वाचकांनी लक्षात ठेवावे. ग्वाल्हेरच्या पवार घराण्यातील या सुशिक्षित बाई पुण्याच्या आगरकर कन्याशाळेत शिक्षिका होत्या आणि अत्र्यांच्याच ओळखीने चित्रपटात आल्या. पुढे अत्र्यांनी दिग्दर्शनही स्वतःकडे घेतले. इंग्रजी प्रहसनावरून रचलेल्या आपल्या 'मोरूची मावशी' या नाटकाचा १९४८ मध्ये त्यांनी बोलपट केला. या साऱ्या वर्षांत चित्रपटाचा धंदा म्हणजे लाटेवरची होडी होती. एक पट चालला तर दुसरा बुडे. लेखक म्हणून त्यांची कीर्ती शिखरास पोचली होती, १९४२ मध्ये नाशिकच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपदही त्यांस लाभले होते. परंतु दिग्दर्शक म्हणून चिरकाल टिकेल असे काही आपल्या हातून झाले आहे, असे म्हणावयास जागा नव्हती. वयाची पन्नाशी उलटली होती.

अशा वेळी त्यांनी साने गुरुजींचे 'श्यामची आई' हे पुस्तक हाती घेतले.

हे धाडस केवढे होते ते आज सहसा ध्यानात येत नाही. पांडुरंग सदाशिव साने यांनी हे पुस्तक १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात अवघ्या पाच दिवसांत लिहिले. त्यात बेचाळीस रात्री आहेत. दर रात्री श्याम आपल्या मित्रांस आईची एक आठवण सांगतो. त्यात खलपुरुष नाही, प्रेमप्रकरण नाही, रहस्य नाही. ज्याला चित्रपटवाले कथानक म्हणतात ते नाहीच म्हणाना! कोकणातील दापोलीजवळच्या पालगड गावी एक कुटुंब हळूहळू दरिद्री होत जाते आणि शेवटी आई मरते, एवढाच सारा विषय. शिवाय ते पुस्तक घरोघर देव्हाऱ्यात ठेवावे इतक्या भक्तीने वाचले जात असे, आणि गुरुजी तर १९५० च्या जूनमध्ये या जगातून गेले होते. प्रत्येक वाचकाच्या मनात श्यामची आई आधीच उभी होती. तिच्याहून तसूभर उणी आई पडद्यावर आली असती तर लोकांनी अत्र्यांस क्षमा केली नसती. आणि हे सर्व करावयाचे कोणी? तर ज्याचे नाव निघताच लोक हसण्याच्या तयारीने बसत, त्या माणसाने!

साने गुरुजी आणि अत्रे हे दोघेही शाळामास्तर, दोघे जवळजवळ समवयस्क. गुरुजी अमळनेरच्या प्रताप हायस्कूलात शिकवीत. एकाचा स्वभाव मेणाहून मऊ, दुसऱ्याचा वादळासारखा. एक शब्दाने दुखवील म्हणून भिणारा, दुसरा शब्दाने घायाळ करण्यात पटाईत. परंतु मुलांवरील माया आणि अस्पृश्यतेविषयीची चीड ही दोहोंत समान होती. पंढरपूरचे विठ्ठलमंदिर हरिजनांस खुले व्हावे म्हणून गुरुजींनी १९४७ मध्ये प्राण पणास लावून उपोषण केले होते. या पटाचा आत्मा त्या उपोषणाशी जुळलेला आहे. लाकडाची मोळी उचलता न येणाऱ्या म्हाताऱ्या महारणीला मदत करण्याचा धडा आईकडून श्यामला मिळतो, हा प्रसंग अत्र्यांनी अंगचोरपणा न करता दाखविला.

पटकथा लिहिताना त्यांनी केले काय? बेचाळीस रात्रींतून निवडक प्रसंग घेतले आणि ते एका धाग्यात ओवले. न्हाऊन आलेला श्याम पायांना माती लागू नये म्हणून हट्ट करतो, आणि पायांप्रमाणे मनही स्वच्छ राखावे हे आई त्यास पटवून देते. पोहावयास भिणारा श्याम लपून बसतो, तेव्हा हीच प्रेमळ आई हाती काठी घेते. विद्यार्थिमित्रांनी हा प्रसंग नीट पाहावा. दिग्दर्शकाला येथे आई गोड गोड दाखवून सुटका करून घेता आली असती. तसे त्यांनी केले नाही. मारणारी आई आणि मग मुलाच्या पाठीवरचे वळ पाहून गहिवरणारी आई या दोन नव्हेत, एकच आहे, हे ज्या मास्तराने जन्मभर मुले आणि आया पाहिल्या त्याला ठाऊक होते. कर्जाच्या वसुलीसाठी दारी आलेला माणूस आणि त्यापुढे मान खाली घालून उभी राहिलेली घरची बाई, हा प्रसंग पाहताना तर सावकारी पाशाची ओळख असलेल्या कोणत्याही मुलखातील प्रेक्षकांस वेगळ्या भाषांतराची गरज पडत नाही. हेमलकशाच्या आसपास ज्या मुलांची घरची बोली माडिया आहे, त्यांस कोकणी वळणाचे काही शब्द अडतील. ती बाई अडणार नाही.

आणखी एक. अत्र्यांनी या पटात आपल्या जिभेला लगाम घातला. विनोद आहे, पण तो पोरांच्या शाळेतला आणि तोंडी लावण्यापुरता. एरवी पानेच्या पाने संवाद लिहिणारा हा लेखक येथे पुष्कळदा गप्प बसतो आणि चेहऱ्यांस बोलू देतो. आमच्या मते त्यांच्या सबंध कलाजीवनातील सर्वांत अवघड काम ते हेच. आईच्या भूमिकेसाठी त्यांनी वनमालाबाईंस बोलाविले. रूपगर्विता राजकन्या म्हणून हिंदी पडद्यावर गाजलेली ही नटी येथे जाडेभरडे लुगडे नेसून चुलीपुढे बसली, आणि लोक तिचे पूर्वीचे रूप विसरून गेले. श्यामचे काम माधव वझे या शाळकरी मुलाने केले. पुढे रंगभूमीवरील दिग्दर्शक व समीक्षक म्हणून ते नावारूपास आले. संगीत वसंत देसाई यांचे होते. द्रौपदीने कृष्णाच्या बोटासाठी आपले वस्त्र फाडले, त्या कथेवरील आशा भोसले यांनी गाइलेले गीत आणि पंतोजींच्या छडीवरचे मुलांचे गीत ही आजही शाळाशाळांतून ऐकू येतात.

'श्यामची आई' ६ मार्च १९५३ रोजी प्रदर्शित झाला. चित्रपटगृहांतून हुंदके ऐकू येऊ लागले. त्याच सुमारास भारत सरकारने चित्रपटांसाठी राष्ट्रीय पारितोषिके सुरू केली होती. १९५३ सालच्या पटांची परीक्षा होऊन १९५४ मध्ये पहिले राष्ट्रपती सुवर्णपदक जाहीर झाले, आणि ते या मराठी बोलपटास मिळाले. बिमल रॉय यांचा 'दो बिघा जमीन' हा नामांकित हिंदी पटही त्या वर्षी स्पर्धेत होता. त्यास गुणवत्तेचे प्रशस्तिपत्र मिळाले. हिंदी चित्रपटसृष्टीच्या पैशापुढे मराठी पट टिकाव धरीत नाही, अशी हाकाटी चाललेली असता हे पदक आले, म्हणून त्याचे मोल अधिक.

यशाच्या या भरात दुसरा कोणी हसरा, खपाऊ विषय शोधता. अत्र्यांनी महात्मा जोतिराव फुले यांचे चरित्र घेतले. पुणे नगरपालिकेचे सभासद असताना तेथील रे मार्केटला महात्मा फुले मंडई हे नाव देवविण्यात त्यांनी पुढाकार घेतला होता. तेव्हा हा विषय त्यांच्या मनात बरीच वर्षे घोळत असला पाहिजे. आमच्यासारख्या शाळांतील वाचकांस येथे एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. जोतिरावांचे इंग्रजी शिक्षण पुण्याच्या स्कॉटिश मिशनच्या शाळेत झाले, आणि अहमदनगर येथे मिस फॅरार यांनी चालविलेली मुलींची शाळा पाहून स्त्रीशिक्षणाचा विचार त्यांच्या मनात दृढ झाला. १८४८ साली पुण्यात त्यांनी मुलींची शाळा काढली. पत्नी सावित्रीबाई तेथे शिकवू लागल्या. वाटेत लोक त्यांच्या अंगावर शेण आणि चिखल टाकीत, तरी त्यांनी शाळेची वाट सोडली नाही. ज्या काळी फुल्यांचे नाव सभ्य म्हणविणाऱ्या घरांत दबक्या आवाजात घेतले जाई, त्या काळी हे चरित्र लाखोंच्या डोळ्यांपुढे ठेवणे म्हणजे व्यापारदृष्ट्या शहाणपण नव्हते. पटाच्या मुहूर्तास डॉ. बाबासाहेब आंबेडकर जातीने उपस्थित राहिले. बाबूराव पेंढारकर जोतिराव झाले, सुलोचनाबाई सावित्रीबाई झाल्या. १९५४ सालचा उत्कृष्ट मराठी चित्रपट म्हणून 'महात्मा फुले' यास राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. आमच्या दृष्टीने कलाकृती म्हणून हा पट 'श्यामची आई' च्या तोडीचा नाही. त्यात प्रचारकाचा आवाज मधूनमधून चढतो. परंतु धैर्याच्या मापाने पाहिले तर तो वरचढ ठरेल.

यानंतर चित्रपट मागे पडला. १५ नोव्हेंबर १९५६ रोजी अत्र्यांनी 'मराठा' दैनिक सुरू केले आणि संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत स्वतःस झोकून दिले. १९५७ मध्ये ते विधानसभेवर निवडून गेले. १ मे १९६० रोजी मुंबईसह महाराष्ट्र राज्य झाले. आपला चांदा जिल्हा, ज्यातून १९८२ मध्ये गडचिरोली वेगळा झाला, तो या राज्यात राहावा की विदर्भ स्वतंत्र असावा, याविषयी आपल्याकडे मतभेद होते व आहेत. त्या वादात शिरण्याचे हे स्थळ नव्हे. एवढे मात्र सांगितले पाहिजे की, या दिवसांत अत्र्यांच्या लेखणीने पुष्कळदा मर्यादा ओलांडली. प्रतिपक्षाच्या माणसांविषयी त्यांनी जे लिहिले ते मुलांपुढे आदर्श म्हणून ठेवावे असे नाही. ज्या संयमाने 'श्यामची आई' घडविली तो वृत्तपत्रात त्यांस कधी साधला नाही. आणि तरीही, ज्या पंडित नेहरूंवर त्यांनी वर्षानुवर्षे आग ओकली, त्यांचे १९६४ मध्ये निधन होताच 'सूर्यास्त' या मथळ्याखाली त्यांनी अशी हृदयस्पर्शी लेखमाला लिहिली की, विरोधकही वाचून हळहळले. रागाप्रमाणे त्यांचे प्रेमही आवरते नव्हते.

उतारवयातही त्यांच्यातील नाटककार थकला नव्हता. १९६२ मध्ये आलेल्या 'तो मी नव्हेच' या नाटकात प्रभाकर पणशीकर यांनी अनेक वेष पालटणारा लखोबा लोखंडे उभा केला, आणि फिरत्या रंगमंचावरील त्याचे प्रयोग पुढे कित्येक वर्षे चालले.

१३ जून १९६९ रोजी मुंबईत आचार्य अत्रे यांचे देहावसान झाले. 'श्यामची आई' ची कथा २०२३ मध्ये नव्या दिग्दर्शकाने पुन्हा पडद्यावर आणली, आणि रंगीत चित्रपटांच्या या जमान्यात तीही जुन्याप्रमाणे कृष्णधवलच ठेवली. ज्या पालकांस शक्य असेल त्यांनी येत्या सुटीत मुलांस आधी पुस्तक वाचावयास द्यावे, मग १९५३ चा पट दाखवावा आणि पोहण्याच्या प्रसंगापाशी मुलांच्या तोंडाकडे पाहावे.